खुंटीवर टांगलेली मिशी

मी एक जुनी खोटी मिशी आहे. हसा मित्रांनो, मला राग येत नाही. मला पाहून हसायला एके काळी लोक तिकीट काढत.

लंडनच्या एका गल्लीत क्विलबाईंनी मला बारीक जाळीवर एकेक केस गाठ मारून बनवलं. पर्सी ट्रिंडर नावाच्या नटानं मला विकत घेतलं. चित्रपट तेव्हा मुके होते, आणि पर्सी त्यांत नायक कधीच नसायचा. तो कधी पोलीस व्हायचा, कधी पाद्री, तर कधी चहाचा ट्रे घेऊन येणारा नोकर. पडद्यावर त्याचं नावही येत नसे. पण रोज संध्याकाळी तो माझा डिंक स्पिरिटनं पुसायचा, मला विंचरायचा आणि मगच स्वतःचा चेहरा धुवायचा.

आमचं चित्रीकरण काचेच्या छपराखाली, सूर्याच्या उजेडात चाले. एका हिवाळ्यात पर्सी पोलीस झाला होता. चोराच्या मागे धावत तो एका घराच्या दारात शिरतो, एवढं रस्त्यावर चित्रित झालं आणि धुकं पडलं. नऊ दिवस काम बंद! दहाव्या दिवशी जरा उजळलं. त्या सकाळी पर्सी दुसऱ्या एका चित्रपटात बिनमिशीचा पाद्री होता. तेवढ्यात घराच्या आतला प्रसंग घ्यायला हाक आली. ऊन जाईल म्हणून त्यानं घाईघाईनं गणवेश चढवला आणि धावला. मी राहिले पाद्र्याच्या कोटाच्या खिशात. मी खूप ओरडले, पण मिशीचं कोण ऐकतं?

चित्रपट जोडून पाहिला, तेव्हा दारात मिशीवाला पोलीस शिरला आणि दिवाणखान्यात सफाचट पोलीस पोचला. दिग्दर्शक हॉबडेसाहेब लालबुंद झाले. नायिका दौऱ्यावर निघून गेली होती, दिवाणखान्याचा देखावाही मोडून टाकलेला, त्यामुळे प्रसंग पुन्हा घेता येणार नव्हता. शुक्रवारी चित्रपटगृहांचे मालक चित्रपट घ्यायला येणार होते.

"ट्रिंडर, मिशी काय दारात ठेवून आलास, छत्रीसारखी?" साहेब म्हणाले. "सोमवारपासून येऊ नकोस."

पर्सीनं धुक्याला दोष दिला नाही की घाईला. "चूक माझीच, साहेब," तो म्हणाला. मग दाराकडे वळला, थांबला, आणि हळूच म्हणाला, "पण साहेब, घरात शिरताना आपण टोपी काढून खुंटीला अडकवतो. या पोलिसानं मिशीही अडकवली तर?"

साहेबांनी छपराकडे पाहून कॅमेरावाल्याला ऊन किती वेळ टिकेल ते विचारलं. तो म्हणाला, फार तर दहा मिनिटं.

एक भिंत, एक दार, दोन खुंट्या. पर्सीनं पाय पुसले, हेल्मेट काढून एका खुंटीला अडकवलं आणि मला अगदी सभ्यपणे ओठावरून सोडवून दुसरीवर टांगलं. मित्रांनो, माझे केस थरथरत होते. वाऱ्यानं नव्हे, भीतीनं.

शुक्रवारी मालक मंडळी पाइप ओढत ढिम्म बसली होती. नायक घोड्यावरून पडला, तरी कुणी हललं नाही. मी खुंटीवर गेले मात्र, एका जाडजूड गृहस्थाचा पाइप तोंडातून मांडीवर पडला. तो विझवतानाही ते हसतच होते. त्यांनी तो प्रसंग पुन्हा दाखवायला लावला.

जाताना हॉबडेसाहेब पर्सीकडे न बघताच म्हणाले, "सोमवारी नऊला ये. आणि या खेपेला मिशी विसरलास, तर तिला एकटीलाच कामावर ठेवीन."

पुढं आम्ही दोघांनी अकरा वर्षं काम केलं. मग चित्रपट बोलू लागले. बोलताना मी ओठावरून सुटायची, म्हणून पर्सीनं स्वतःची मिशी वाढवली. मला थोडा राग आला, खोटं कशाला बोलू? आता मी त्याच्या नातीच्या कपाटात, तंबाखूच्या डबीत असते. एकदा घरच्या नाटकानंतर कुणीतरी मला डिंकासकट तसंच डबीत टाकलं, तेव्हापासून माझी डावी बाजू विरळ झाली आहे.

म्हणून मित्रांनो, वापरलेली वस्तू पुसून ठेवत जा. आणि चित्रपट पाहताना नायकाच्या मागे ट्रे घेऊन कोण उभं आहे, तिकडेही बघत जा. कुणीतरी बघतंय एवढं कळलं, तरी त्या माणसाचा ट्रे जरा ताठ होतो. मी अगदी जवळून पाहिलं आहे.