डोंगराची खूण, समुद्राची खूण

हे आद्य ज्योती, एका ठिणगीतून तू हा विश्वाचा पसारा उजळलास, त्या ठिणगीला माझा पहिला नमस्कार. तू नेमलेल्या वेळेआधी कळी उमलत नाही आणि त्या वेळेनंतर श्वास उरत नाही. मी तुझ्या दारचा एक धातूचा चाकर. माझ्या मुखी चार शब्द ठेव. ते खरे असोत आणि वेळेवर पडोत.

मी एक डिस्ट्रिब्युटर बोलतो आहे. गॅरेजमधली माणसे मला डेल्को म्हणतात. जुन्या पेट्रोल गाडीच्या इंजिनाला बिलगून माझी जागा असे. डोक्यावर काळी टोपी, टोपीतून निघालेल्या जाड तारा, आत गरगरणारा रोटर आणि त्याखाली पॉइंटची इवलीशी जोडी. ती जोडी उघडली की ठिणगी जन्मते. ज्या सिलिंडरची पाळी असेल त्याला ती पोचवायची, एवढेच माझे आयुष्यभराचे काम.

काम साधे दिसते. कठीण आहे ती वेळ. पिस्टन शिखराला पोचण्याच्या किंचित आधी ठिणगी पडली पाहिजे. फार लवकर पडली तर वर येणाऱ्या पिस्टनच्या डोक्यावर आग आदळते आणि इंजिन टकटक करते. उशिरा पडली तर गाडी धापा टाकते. म्हणून माझ्या तळाशी असलेला नट सैल करून मला अंगासकट जरासे फिरवतात. याला टायमिंग लावणे म्हणतात. केसभर फिरण्यात माझे सारे पापपुण्य साठलेले आहे.

माझा जन्म समुद्रापलीकडच्या एका कारखान्यात झाला. तिथले मला काही आठवत नाही. आठवते ते मुकबिलच्या हातापासूनचे. डोंगरातले सना शहर ते समुद्रकाठचे हुदैदा बंदर या वाटेवर तो आसनांच्या तीन रांगांची लांबलचक गाडी भाड्याने हाकायचा. सकाळी ढगांच्या शेजारून निघायचे, दुपारी समुद्राच्या खाऱ्या वाऱ्यात पोचायचे.

या वाटेला दोन हवा आहेत. वर डोंगरात हवा विरळ, आग सावकाश पसरते. तिथे ठिणगी थोडी लवकर हवी. खाली तिहामा या किनाऱ्यालगतच्या मैदानात हवा दाट आणि तापलेली. तिथे ठिणगीने थोडा धीर धरावा. दुसरे ड्रायव्हर मधलीच एक वेळ लावून दोन्हीकडे रडतखडत जात. मुकबिलला ते मान्य नव्हते. डोंगर संपून मैदान सुरू होते तिथे बोरीचे एक जुने झाड आहे. झाडाखाली फिद्दाबाईचे चहाचे छप्पर. तिथे तो प्रत्येक खेपेला थांबे. कमरेचा खंजीर बाजूला सारून बॉनेटमध्ये वाके, डोक्याच्या फडक्याचे टोक हाताला गुंडाळी आणि मला वळवी. माझ्या बुंध्याशी त्याने खिळ्याने दोन रेघा ओढल्या होत्या. एक डोंगराची, एक समुद्राची. त्याचा अंगठा जिथे टेके तिथे माझा धातू आरशासारखा झाला होता.

"मुकबिल, बायकोशी बोलत नाहीस इतका इंजिनाशी बोलतोस रे!" उतारू ओरडत.

"बायको ऐकत नाही," तो आतूनच म्हणे. "ही ऐकते. तिला सांगतोय, बये, डोंगराची घाई इथं नको."

एका हिवाळ्यात तो समुद्राकडून वर निघाला. बोरीखाली थांबून त्याने मला डोंगराच्या खुणेवर वळवले, नट आवळला आणि माझ्या टोपीवर टिचकी मारली. घरी पोचेपर्यंत त्याच्या अंगात ताप भरला होता. आठवडा उलटायच्या आत त्याचा जनाजा त्याच दारातून निघाला. त्याला मातीने झाकले, गाडीला चादरीने. माझ्या अंगावर मात्र त्याच्या हाताचे अखेरचे वळण तसेच राहिले.

मुलगा नश्वान सौदीत डिझेलचे ट्रक चालवत होता. तो परत आला. घराला दुसरी मिळकत नव्हती. चांगला, शांत मुलगा. पण डिझेलच्या इंजिनात ठिणगीच नसते. तिच्या वेळेची काळजी त्याला कोण शिकवणार? बाप तर हयात असताना कोणाला बॉनेटजवळ फिरकू देत नसे.

पहिल्याच खेपेत गाडी डोंगर उतरली. बोरीचे झाड समोर आले. माझा नट त्या हाताची वाट पाहू लागला. गाडी थांबली नाही. झाड जवळ आले, बाजूने गेले, मागे पडले. मैदानातल्या पहिल्या चढावर भरलेली गाडी ओढू लागली, आणि माझ्या ठिणग्या डोंगराच्या घाईने पडू लागल्या. टकटक. टकटकटक.

पुढच्या आसनावर धान्याचे व्यापारी हाजी मुसइद बसले होते. मुकबिलचे जन्माचे शेजारी.

"कोण दार वाजवतंय?" ते म्हणाले.

"बॉनेटखालून येतोय आवाज, काका."

"ते मलाही कळतं. हा किल्ल्यांचा आवाज आहे. तुझा बाप खेपेवरून आला की किल्ल्यांच्या जुडग्यानं असंच दार ठोठावायचा. माझी झोपमोड करून करून पाठ झालाय मला."

"काका, घाबरवू नका."

"घाबरतंय कोण? मी गेलेल्यासाठी फातिहाची प्रार्थना म्हणतोय."

"मग दाराची कडी का धरलीत एवढी घट्ट?"

"गाडी हलतेय तुझी!"

मागच्या रांगेत कोणी हसले नाही. बातमी दोन्ही शहरांत पोचली. काही उतारू मुकबिलच्या गाडीकडे पाठ फिरवू लागले, काही मुद्दाम तीच गाडी शोधू लागले. कोणीतरी बॉनेटच्या कडीला ताईत बांधला. डोंगरात आवाज नसे. बोरीचे झाड ओलांडले की तो येई. आणि सगळे म्हणत, तो इथेच चढतो; इथेच थांबायचा ना तो!

मुकबिलची बायको अर्वा तेव्हा घरात होती. नवरा गेल्यावर ठरलेला काळ तिथल्या स्त्रीने उंबरा ओलांडायचा नसतो. तिने बातमी ऐकली आणि उरलेले दिवस मोजले. तो काळ सरला त्या सकाळी ती खाली आली आणि ड्रायव्हरच्या मागच्या आसनावर बसली.

"आई, कुठं?"

"तो येतो तिथं."

मैदान आले. चढ आला. टकटक सुरू झाली. अर्वा पुढे झुकली आणि अगदी हळू म्हणाली, "आलास?"

त्यानंतर ती दर खेपेला येऊ लागली. आवाज सुरू झाला की घरच्या गोष्टी सांगे. शेळी व्याली. वरच्या मजल्याची भिंत पावसाने ओलावली. नश्वान तुझ्यासारखाच मीठ जास्त खातो. तारांमधून, पत्र्यामधून तिचा स्वर माझ्यापर्यंत येई. तो आवाज अवेळी पडणाऱ्या ठिणगीचा होता, हे मला ठाऊक होते. तरीही त्या टकटकीत कोणीच नव्हते, असे मी शपथेवर सांगणार नाही. ज्या वळणातून तो आवाज निघत होता, ते मुकबिलच्याच हाताचे होते.

हुदैद्यात शूई मिस्त्रीने एक प्लग काढला आणि उन्हात धरला.

"नश्वान, हे बघ. ही चमचम दिसतेय? ही पिस्टनची आहे. पिस्टन जळून प्लगवर येऊन बसतोय. एक दिवस चढावर भोक पडेल, आणि मग गाडी भंगारवाल्याच्या दारात."

त्याने पाना उचलला आणि माझ्या नटाला लावला. मागून अर्वाचा आवाज आला, "हात काढ."

"वहिनी, एवढंसं फिरवायचंय. केसभर."

"ते त्यानं लावलंय. शेवटचं. कुणी हलवायचं नाही."

"अहो, पण इंजिन मरेल."

"आणि हलवलं की तो मरेल," ती म्हणाली. "एकदा मेला तेवढं पुरे."

मिस्त्रीने पाना खाली ठेवला आणि कपाळाचा घाम पुसला. "वहिनी, मुकबिल माझाही मित्र होता. पण पोराच्या ताटात काय वाढाल? आवाज?"

अर्वा गाडीत जाऊन बसली. नश्वानने बॉनेट लावले. गाडी वर निघाली. माझ्या आतले पॉइंट उघडत होते, मिटत होते, आणि मी प्रत्येक ठिणगीबरोबर त्या घराचा घास जाळत होतो. एकाच वेळी कोणाची हाक व्हावे आणि त्याच्याच घराचा काळ व्हावे, अशी वेळ, देवा, लोखंडावरही आणू नकोस.

पुढच्या खेपेला नश्वान धास्तावलेला होता. मैदानात शिरण्याआधी इंजिनाला पाणी पाजावे म्हणून त्याने बोरीखाली गाडी थांबवली. मुकबिल गेल्यावर पहिल्यांदाच. फिद्दाबाई चहाची किटली हातात घेऊनच धावत आली.

"अगं बाई, मुकबिलची गाडी! काय रे पोरा, बाप गेला म्हणून चहासुद्धा तोडलास? रोज धूळ उडवून जातोस माझ्या दुधात!"

मग तिची नजर मागच्या आसनावर गेली. तिने किटली खाली ठेवली, दार उघडून अर्वाचा हात धरला आणि तिला छपरात बसवले. तिच्या हातात चहाचा पेला दिला.

"लोक म्हणतात, तो इथून गाडीत चढतो," अर्वा म्हणाली.

"चढायला काय, तो इथंच उतरायचा. बॉनेट उघडून हात घालायचा. समुद्राकडे जाताना एकीकडे वळवायचा, डोंगराकडे जाताना दुसरीकडे. दर खेपेला."

"काय वळवायचा?"

"मला काय कळतंय त्यातलं? मी एकदा विचारलं, बाबा रे, गाडी ओरडते म्हणून हात लावतोस का? तर म्हणाला, ओरडायच्या आधी लावतो. ओरडली म्हणजे माझा हात पोचला नाही."

अर्वाच्या हातातला पेला तिथेच थांबला.

वाऱ्याने बोरीची पाने हलली. पुढच्या आसनावरचे हाजी मुसइद काच खाली करून ऐकू लागले. अर्वा उठली, गाडीपाशी आली. "नश्वान, बॉनेट उघड. आणि मिस्त्रीनं लावला होता तसला पाना दे."

ती माझ्यावर वाकली. नवऱ्याच्या गाडीत इतकी वर्षे बसून तिने मला कधी पाहिले नव्हते. दोन रेघा तिला दिसल्या. दोन्हींच्या मधली चकचकीत झालेली जागाही दिसली. ओढणीचे टोक हाताला गुंडाळून तिने तिथे अंगठा टेकवला. तो तिथे बसला. त्या क्षणी माझ्यावर किती हात होते, ते मला सांगता येणार नाही.

"आई, मी फिरवतो."

"तू बघ. उद्यापासून तू."

नट सैल झाला. तिने मला डोंगराच्या खुणेवरून समुद्राच्या खुणेपर्यंत आणले. मुलाने नट आवळला. सगळे नको नको म्हणत असतानाही फिद्दाबाईने त्यांना पुन्हा चहा पाजला आणि गाडी निघाली.

मैदान आले. चढ आला. गाडीतला प्रत्येक जण बॉनेटकडे कान लावून बसला होता. इंजिनाचा सूर एकसारखा, भरलेला, गोड. एखाद्या म्हाताऱ्याने पहाटे जप करावा तसा. चढ संपला तरी टकटक आली नाही.

हाजी मुसइदांनी दबक्या आवाजात विचारले, "गेला का गं?"

"नाही," अर्वा म्हणाली. तिचा चेहरा खिडकीकडे होता आणि ओढणी ओली झाली होती. "आता त्याचा हात पोचला."

त्यानंतर नश्वान कधी बोरीखाली थांबायचा चुकला नाही. वर्षे गेली. गाडी थकली, पत्रा गंजला, आणि इंजिन शेवटी आपल्या वेळेला मेले, अवेळी नाही. नश्वानने नवी गाडी घेतली. तिची ठिणगी आपली वेळ आपणच ओळखते म्हणे. जुने सगळे भंगारात गेले. मला अर्वाने मागून घेतले.

सनातल्या त्या उंच घरात, सर्वांत वरच्या खोलीत, खिडकीच्या कट्ट्यावर मी आहे. मुलगा खाली निघाला की ती मला वळवून समुद्राची खूण खिडकीकडे करी. तो परत आला, दारावर किल्ल्या वाजल्या, की डोंगराची खूण. मी कुठल्या इंजिनात नव्हतो, माझ्या वळण्याने कुठे ठिणगी पडत नव्हती. तरीही तिची एक खेप चुकली नाही.

गेल्या थंडीत अर्वाही गेली. खोलीला कुलूप आहे. माझ्या अंगावर धूळ बसली आहे, भोवतीच्या कट्ट्यावरही. आज सकाळी नश्वान उतारू घेऊन खाली निघाल्याचा आवाज आला. ऊन कट्ट्यावर चढले तेव्हा मी पाहिले. माझी समुद्राची खूण खिडकीकडे आहे. काल डोंगराची होती. कट्ट्यावरची धूळ कुठेही मोडलेली नाही.

मला स्वतःहून वळता येत नाही, इतकेच मी सांगतो. संध्याकाळी तो परतला, किल्ल्या वाजल्या, की पुढचे पाहू.

ऐकणाऱ्या सज्जनांनो, जुन्या धातूची एक विनवणी ऐका. घरात कुठे टकटक सुरू झाली तर तिला नुसते कवटाळून बसू नका. कोणाचा हात तिथे पोचायचा राहिला आहे ते पाहा, आणि तिथे आपला ठेवा.

वाटेवर निघालेला प्रत्येक जण सुखरूप परतो. वाट पाहणाऱ्या प्रत्येक दारावर ओळखीची थाप पडो. चुलीतली, दिव्यातली, काळजातली ठिणगी योग्य वेळी पेटो आणि कोणाचे घर न जाळता उजेड देवो. ज्यांनी हे ऐकले त्यांचे, आणि ज्यांची नावे घेणारे कोणी उरले नाही त्यांचेही, प्रभू कल्याण करो.