माझ्या शेपटीला कसर लागली

मित्रांनो, मी एक जुना उंदीर आहे. खरे तर उंदराचे कातडे, आत कापूस भरलेले. दूरच्या समुद्रात एका लहानशा बेटावर माझी जात राहत होती. जहाजे आली, त्यांतून परके उंदीर उतरले, त्यांच्याबरोबर आजार उतरला आणि आम्ही संपलो. मला त्याआधीच कुणी पकडून, कीड लागू नये म्हणून विषारी भुकटी चोळून आयर्लंडला आणले होते. माझ्या जातीचा आता मी एकटाच उरलो आहे.

ड्रोहेडाजवळच्या एका छोट्या संग्रहालयात मुले मला पाहायला गर्दी करत. पुढे माझा खण कुणी फारसे उघडेनासे झाले.

२०२१च्या जानेवारीत, टाळेबंदीत, माझ्या शेपटीला कसर लागली. तिथे विष पोहोचले नव्हते. अळ्या सारख्या कुरतडत होत्या आणि मला ओरडता येत नव्हते.

संग्रहालय सांभाळणाऱ्या नंदिनीने खण उघडला, तेव्हा शेपटीचे टोक गेले होते. तिने घाईघाईने मला पिशवीत बंद केले. कसर मारायला कडक थंडी लागते. संग्रहालयाचा फ्रीझर बिघडलेला, दुरुस्तीवाला येईना. परवानगी घेऊन तिने मला घरी नेले.

"इज ही ग्रँड, मम्मा?" तिच्या मुलीने, शर्वाणीने दारातच विचारले. 'ग्रँड' म्हणजे इथल्या बोलीत बरा.

"अजून नाही गं."

माझ्या विषाशेजारी खाण्याचे काही ठेवून चालणार नव्हते. मटार, मासे, ब्रेड भराभर बाहेर आले. तळाशी एक डबा राहिला. त्यावर हात ठेवून नंदिनी थांबली. तिची आई इथे राहायला आली असताना करून गेलेल्या पुरणपोळ्या होत्या त्यात. नंतर आई पुण्यात करोनाने गेली. विमाने बंद होती, नंदिनीला जाता आले नाही.

"शेजारी देऊ या ठेवायला?" तिचा नवरा केदार हळूच म्हणाला.

"आईच्या पोळ्या लोकांच्या फ्रीझरमध्ये? छे!"

"मग उंदीर परत नेतेस?"

पिशवीत कुरतडणे चालूच होते.

अखेर तिने डबा उचलला. "शर्वाणी, प्रेसमधलं तूप काढ," ती स्वयंपाकघरातल्या कपाटाकडे बोट दाखवत म्हणाली.

"आजीच्या पोळ्या? बट यू सेड नेव्हर!"

"म्हटलं होतं."

माझ्यावर दार लागले. बाहेर तवा वाजला.

"जायफळ जरा जास्तच झालंय," केदारचा आवाज.

"तिच्यासमोर म्हणाला असतास?"

असे विचारून नंदिनीच हसली. आत गारठा वाढत गेला. कुरतडणे थांबले.

काही आठवड्यांनी मला बाहेर काढून नंदिनीने फ्रीझर स्वच्छ पुसला आणि तळाशी मटार ठेवले.

माझी शेपटी आखूडच राहिली. मित्रांनो, मला जपायचे तर अधूनमधून माझा खण उघडून पाहा. पोळ्या मात्र गरम करून खा.