झडपेला बांधलेली तार

दाजींचं तोंड दिसलं की त्याच्या तळपायाची आग मस्तकात जायची. सख्ख्या बहिणीचा नवरा, म्हणून तोंडानं 'दाजी'. मनात त्यांना काय काय नावं ठेवली होती ती सांगायची सोय नाही! दाजी या इस्पितळाचे देखभालप्रमुख. आठ वर्षांपूर्वी त्याचा इथल्या नोकरीचा अर्ज त्यांनीच हाणून पाडला, आणि वर नातेवाइकांत सांगत सुटले, "त्याला फक्त झाडू मारता येईल." आता तो बाहेरच्या कंपनीकडून दरवर्षी इथलेच फायर डॅम्पर तपासायला यायचा.

हवेचा पत्र्याचा डक्ट भिंत ओलांडतो तिथे आत ही लोखंडी झडप असते. आग लागली की स्प्रिंगनं खाडकन मिटते आणि धूर पलीकडे जात नाही. इथे पलीकडे एकोणीस खाटांचा वॉर्ड होता. त्यातल्या निम्म्यांना उठून बसताही येत नव्हतं.

"मागच्या वर्षीचा 'पास'चा स्टिकर आहे ना? त्यावर नवा चिकटव आणि चालता हो," दाजी शिडीखालून खेकसले. "छत उघडलंस तर धूळ कोण झाडणार, तुझा बाप?"

"माझा बाप म्हणजे तुमचे सासरे, दाजी. जरा जपून." त्यानं मुद्दामच छताचा चौकोन काढला.

डक्टचं झाकण उघडून त्यानं आत टॉर्च मारला. झडपेच्या पात्याला तार बांधलेली! वॉर्ड जळाला असता तरी ती ढिम्म हलली नसती. त्याला आनंदाच्या उकळ्या फुटल्या.

"सिस्टर, इकडे या!" तो ओरडला. "यांच्या माणसांनी झडप बांधून ठेवलीय! पेशंट गुदमरून मेले तरी यांना काय त्याचं!"

दाजींचा चेहरा खर्रकन उतरला. त्यांनी चक्क हात जोडले. "मला खरंच माहीत नव्हतं हो. लिहू नका. निवृत्तीला दोन वर्षं राहिलीत. बहिणीचा तरी विचार करा." आठ वर्षांत पहिल्यांदाच अहो-जाहो!

तो पक्कड घेऊन तार कापायला गेला आणि थबकला. तारेचा पीळ उलटा होता, डावखुऱ्या माणसाचा. डावखुरा तोच होता. बिजागरीला ग्रीस लावताना पातं बोटांवर आदळू नये म्हणून अशी तार बांधतात आणि काम झालं की सोडतात. गेल्या वर्षी दाजींशी तोंड वाजवता वाजवता त्यानं ग्रीस लावलं, झाकण बसवलं, स्टिकर चिकटवला आणि तणतणत निघून गेला.

बोललं तर त्याचा परवाना जाणार. गप्प बसलं तर दाजींची नोकरी. गप्प बसणं किती सोपं होतं!

सिस्टरनं वॉर्डाकडे पाहत विचारलं, "म्हणजे वर्षभर हे असंच होतं?"

"हो," तो म्हणाला. "यांच्या माणसांनी नाही. मीच बांधली. सोडायला विसरलो."

दाजींचे जोडलेले हात सुटले. त्यांनी खिशातून फोन काढला, रेकॉर्डिंग चालू केलं आणि हात उंच करून त्याच्या तोंडासमोर धरला.

"पुन्हा बोल," ते म्हणाले. "नावासकट. मोठ्यानं."

वॉर्डातल्या शेवटच्या खाटेपर्यंत ऐकू जाईल, असं त्यानं सांगितलं.