धरण्यासारखं माणूस

"समोरच्यानं काहीही सांगितलं तरी आपण 'हं' म्हणायचं. 'अरेरे' म्हणायचं नाही. 'अरेरे' म्हटलंत की पुढचं उत्तर तुम्हाला बरं वाटावं म्हणून येतं."

पाहणीच्या पहिल्या प्रशिक्षणात मोठ्या बाईंनी सांगितलेलं हे तिच्या अंगात इतकं मुरलं होतं, की सासू गेली तेव्हा गळ्यात पडून रडणाऱ्या नणंदेलाही तिनं आधी 'हं'च म्हटलं. नणंद अजून ते चारचौघांत बोलून दाखवते.

आज सुट्टी होती. सकाळपासून तिनं घासलेले डबे पुन्हा घासले, पडदे काढले आणि न धुताच परत लावले.

"बस की जरा," नवरा वर्तमानपत्रामागून म्हणाला. "कानात वारं शिरल्यासारखी फिरतेयस घरभर."

"हं."

"झालं! मी काय तुझ्या पाहणीतला माणूस आहे?"

एरवी ती हसली असती. पण सकाळी प्रार्थनेला डोळे मिटले, तेव्हाही तिला दिसला होता तो एक उतरलेला खांदा. लाँड्रीत इस्त्री करण्यात जन्म गेलेल्या आजींचा.

एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्या माणसांचं आयुष्य कसं पालटत जातं, याची संस्थेनं पाहणी चालवली होती. दरवर्षी तीच माणसं, तेच प्रश्न, तेच शब्द. शब्द बदलला तर यंदाचं उत्तर मागच्या उत्तराशी ताडून कसं पाहणार? दार उघडताच आजी ओरडायच्या, "आली गं बाई चौकशी! विचार, तेच विचार. मीही तेच सांगते. दोघी पोपट आपण!"

गेल्या खेपेला तिनं शेवटचा प्रश्न वाचला, "गेल्या आठवड्यात तुम्ही कुणाकुणाशी मनमोकळं बोललात?"

"तुझ्याशी. आत्ता नाही का बोलत?"

"मला धरत नाहीत, आजी."

"का गं? तू माणूस नाहीस?"

"विचारणाऱ्याला मोजत नाहीत. नियमच आहे तसा."

आजींचा हात टेबलावरून उगाच फिरत राहिला, सुरकुती मोडावी तसा. "मग लिही. कुणाशीच नाही."

तिनं लिहिलं. त्या वेळी तिच्या तोंडून 'हं'सुद्धा फुटलं नाही.

निघताना दारात आजी म्हणाल्या, "एकदा धरण्यासारखी ये ना गं."

"येईन," ती म्हणाली.

'येईन' असं ती सगळ्यांनाच म्हणायची. पुढच्या वर्षी जायचंच असायचं. पण यंदा पाहणी थांबली. काल तिनं धीर करून संस्थेतल्या साहेबांना विचारलं, "लाँड्रीवाल्या आजींना एकदा नुसती भेटून येऊ?"

"अहो, उद्या पाहणी परत सुरू झाली तर? तुम्ही गप्पा मारून आलात की त्यांची उत्तरं बदलणार. मग त्या घरी तुम्हाला पाठवता येणार नाही. कधीच."

साहेबांचं काही चुकत नव्हतं. नव्या मुलींना ती स्वतः हेच शिकवायची. पण 'येईन' हा शब्दही तिनंच दिलेला होता, आणि दिलेला शब्द रात्रभर उशाखाली खडा असल्यासारखा टोचला होता.

पडदा तिसऱ्यांदा सरळ करता करता ती थांबली. फोन उचलला.

"साहेब, सुट्टीच्या दिवशी त्रास देतेय. लाँड्रीवाल्या आजींकडे मी आज जातेय. पाहणी सुरू झालीच, तर ते घर दुसऱ्या कुणाला द्या. आणि मी मध्ये जाऊन आले, हेही तिथं नोंदवा."

पलीकडून साहेबांनी विचारलं, "नीट विचार केलात ना? इतक्या वर्षांचं घर आहे ते तुमचं."

"हं," ती म्हणाली, आणि मग, "हो साहेब."

सवयीनं तिचा हात खुंटीवरच्या पिशवीकडे गेला. ओळखपत्र, पेनं, मोठ्या अक्षरांतली उत्तरांची कार्डं. तिनं पिशवी तिथंच राहू दिली.

"अगं, पिशवी राहिली!" नवरा म्हणाला.

"राहू दे."

"मग तिथं जाऊन विचारणार काय?"

"काही नाही," चपला घालत ती म्हणाली. "बसेन."

जिन्यात कुणी नव्हतं. रिकामा खांदा तिला विचित्र हलका वाटत होता. कठड्याला धरून उतरता उतरता तिनं अगदी हळू आवाजात म्हणून पाहिलं, "अरेरे." नीट जमलं नाही. खालच्या पायरीवर तिनं पुन्हा म्हणून पाहिलं.