खिडकीकडे धरलेली नळी

मी शिकारी बंदुकीची नळी आहे. पण माझ्यातून कधी गोळी सुटली नाही.

महायुद्ध संपून दहा वर्षं झाली होती. स्पेनमधल्या एइबार गावातल्या बंदुकांच्या कारखान्यात मी लालभडक लोखंडातून घडले. यंत्रानं मला आरपार भोक पाडलं. पण यंत्राचं भोक किंचित वाकायचंच. ते सरळ करणारा माणूस एकच, सिरिलो. नळी खिडकीकडे धरून तो डोळा लावी. आत खिडकीच्या गजाची सावली पडे. सावली मोडली, की तिथे हातोडीचा एक ठोका. तीस वर्षं ती खिडकी त्याची होती.

अलीकडे त्याच्या डोळ्यांत धुकं उतरलं होतं. हे फक्त आम्हा नळ्यांना ठाऊक. खिडकी सुटली तर हातात झाडू येईल, या धास्तीनं तो वाक शोधायला आमच्या पाठी बोटांनी चाचपायचा.

एकमेकांची खोड काढल्याशिवाय तिथं जेवणाची सुट्टी सरत नसे. एका दुपारी पॉलिशवाल्या कांदिदोनं दारूच्या बाटलीचं बूच माझ्यात ठोकलं. सगळे हसू दाबून उभे राहिले, मुकादमसुद्धा.

"सिरिलोकाका, ही जरा वाकडी वाटते हो."

"तुझी मानच वाकडी, गाढवा! आण इकडे."

त्यानं मला खिडकीकडे धरलं. आत मिट्ट काळोख. तो काळोख त्याला आपल्याच डोळ्यातला वाटला. मला ओरडायचं होतं. पण फुंकल्याशिवाय नळीला आवाज कुठला?

"सुतासारखी सरळ आहे," तो म्हणाला.

कुणीच हसलं नाही.

त्या शांततेनं त्याला कळलं. त्यानं माझ्या तोंडात बोट घातलं. बुचाला लागलं. मग हातोडी पुसून त्यानं जागेवर ठेवली.

"काका, चला, जरा बाहेर बसू," मुकादम हळूच म्हणाला.

आठवड्यानं कांदिदो मला सिरिलोच्या घरी घेऊन आला. माझं एक टोक त्यानं निमुळतं केलं होतं. "चुलीला फुंकणी होईल," एवढंच बोलला, खाली मान घालून.

"बस. घेवडा शिजलाय," सिरिलो म्हणाला. "बूच काढलंस ना रे?"

कांदिदो रडला.

आता रोज सकाळी चूल फुंकण्याआधी सिरिलो मला खिडकीकडे धरतो. "सरळ आहे," स्वतःशीच म्हणतो. मग त्याचा उबदार श्वास माझ्यातून जातो आणि निखारे फुलतात.

मी केसभर वाकडी आहे. तो एक ठोका राहूनच गेला. कधी त्या घरी गेलात, तर त्याला एवढं मात्र सांगू नका.