पानावरचे पाणी

मी एक म्हातारा, तीन शिंगांचा घोयरा आहे. मित्रांनो, घोयरा म्हणजे रंग बदलणारा, संथ चालीचा सरडा. माझा जन्म केनियातल्या उंच डोंगरावरच्या राखीव जंगलात झाला. तिथे झाडांखालून हत्ती जात, शेंड्यांवर काळीपांढरी माकडे उड्या मारत. धुके आले की पानांवर थेंब जमत. आम्ही तेच पीत असू. साठलेले पाणी आम्हाला पाणी म्हणून ओळखूच येत नाही.

त्या जंगलातून प्राणी नेण्यास बंदी आहे. तरी एका माणसाने मला मोज्यात कोंबून पळवले. १९९४ च्या उन्हाळ्यात बहारीनच्या बाजारात मला एकाने विकत घेतले. सुट्टीवर जाताना त्याने मला तिथल्याच बुदैया गावातल्या इस्त्रीवाल्या फारुखभाईंकडे सोडले.

फारुखभाई रत्नागिरीचे. त्यांची बायको मसूदा आदल्या हिवाळ्यात वारली होती. तिच्या मोगऱ्याची कुंडी दुकानात होती. त्यांनी मला मोगऱ्यावर बसवले आणि समोर वाटीभर पाणी ठेवले.

एक दिवस गेला, दुसरा गेला. तिसऱ्या दिवशी माझे डोळे खोल गेले. फांदीवरची पकड सुटू लागली. वाटी वीतभर अंतरावर होती आणि मी तहानेने मरत होतो.

शेजारचा शिंपी शंभू दारातूनच ओरडला, "फारुखभाई, घोयरा आहे तो! थुंकला तर अंगभर फोड येतील. टाका बाहेर!"

"थुंकायला तोंडात पाणी हवं ना रे? समोर आहे ते पीत नाही."

"मग खलास. संध्याकाळपर्यंतसुद्धा टिकायचा नाही."

फारुखभाई मला उचलायला वाकले. त्यांचा हात मोगऱ्याच्या धुळकट पानाला लागला आणि तिथेच थांबला.

"मसूदा पानांवर पाणी मारायची," ते हळूच म्हणाले. "मी चिडवायचो, अगं, मुळाला घाल, पानांना कसली तहान?"

त्यांनी इस्त्रीची फवाऱ्याची बाटली उचलली. पाने भिजली. एक थेंब माझ्या तोंडापाशी ओघळला. मी जीभ लावली. मग दुसरा. मग तिसरा.

"पितोय रे!" फारुखभाई ओरडले. शंभू आत डोकावला.

तेव्हापासून दुकान उघडले की ते आधी मोगऱ्यावर पाणी मारतात. माझा मालक मला न्यायला आलाच नाही. मला परत पाठवता येईल का, हे फारुखभाईंनी चार ठिकाणी विचारले. पण कुठेच सोय झाली नाही. माझा डोंगर मला पुन्हा दिसला नाही.

मित्रांनो, आम्हाला आमच्या धुक्यातून उचलून आणू नका. आणि कुणी तुमच्या दारी आलाच, तर वाटी ठेवून निघून जाऊ नका. तो पाणी कसे पितो, ते थांबून बघा.