पाठीमागचं घड्याळ

हेमाएय बेटावर ज्वालामुखी फुटला, तेव्हाच्या आठवणी सांगणारे व्हिडिओ ग्रंथालयात दाखवत होते. पडद्यावर शेजारचा म्हातारा इंगवी म्हणाला, "आमच्या घरातलं काहीच वाचलं नाही."

स्टेइनुन ताडकन उठली. त्याच्या पाठीमागे भिंतीवर तिच्या आईचं घड्याळ होतं, राखेत गडप झालेल्या घरातलं! सामान काढायला म्हणून बेटावर मागे राहिलेल्यांवर तिचा पहिल्यापासून संशय होता. ती तडक त्याच्या दारात गेली.

"मेल्या, घड्याळ कुठनं आणलंस?"

"तुझ्याच घरातनं. तुमचं सामान काढेपर्यंत आमचं घर लाव्ह्याखाली गेलं. घड्याळ द्यायला कितीदा आलो, तू दारच उघडेनास."

"म्हणून भिंतीवर मिरवतोस?"

"इतकी वर्षं कपाटातच होतं. व्हिडिओ तरी बघशील, म्हणून मुद्दाम टांगलं."